गावकीने चुलत भावाचं घर वाळीत टाकलंय. मी गाव धरू की भाऊ?

प्रश्न थोडक्यात असा. विचारणारे गृहस्थ रत्नागिरी जिल्ह्यातल्या एका वाडीतले, राहायला डोंबिवलीला, वाडीच्या मुंबई मंडळाचे खजिनदार. ग्रामदेवतेच्या देवळाचा जीर्णोद्धार झाला. आता गाडी थेट देवळापर्यंत जावी म्हणून रस्ता हवाय आणि तो चुलत भावाच्या आंब्याच्या कलमांच्या बागेतून काढायचा ठरला. भावाने नकार दिला. तरीही जेसीबी लागल्यावर त्याने कोर्टातून मनाई हुकूम आणला. गावकीने बैठक घेऊन त्याचं घर बंद केलं, त्याच्याकडे जाईल त्याला ५,००० रुपये दंड ठेवला. शिमग्यात पालखी त्याच्या दारात थांबली नाही. आई ७४ वर्षांची, गावी एकटी, भावाच्या घराला लागूनच राहते. ती म्हणते, "तू यात पडू नको. उद्या माझ्या मयताला कोण येईल?" मंडळ म्हणतं, रस्त्याचा निधी सोडा. भाऊ म्हणतो, तू तरी बोल. गणपती तोंडावर आले आहेत.

तुमच्या प्रश्नात गाव आहे, भाऊ आहे, आई आहे, पण सातबारा नाही. आधी तो काढा. ऑनलाइन मिळतो. चुलत भाऊ म्हणजे तुमचे आजोबा एक. बाग आजोबांच्या वेळची असेल आणि रीतसर वाटप झालेलं नसेल, तर त्या उताऱ्यावर तुमच्या वडिलांमागे तुमचं आणि आईचं वारस म्हणून नाव लागलेलं असण्याची दाट शक्यता आहे. कोकणात एका गुंठ्यावर वीस-वीस नावं असतात आणि ज्याच्या ताब्यात बाग त्यालाच गाव मालक समजतं. तसं असेल तर सगळं चित्रच बदलतं. भावाने हो म्हटलं असतं तरी तो एकटा ती जमीन देऊ शकला नसता, तुमची सही लागली असती. ती कुणी मागितली नाही. आणि तुम्ही जे स्वतःला दोघांच्या मध्ये अडकलेला माणूस समजता आहात, ते मुळात मध्ये नाहीच, तुम्ही हिस्सेदार आहात. वाटप होऊन बाग भावाच्या एकट्याच्या नावावर असेल, तरी पुढचं सगळं तसंच लागू पडतं.

आता गावाचं बोलू. मी तालुक्याच्या कोर्टात वकिली करतो, आणि गावकीच्या भांडणांत कोर्टाबाहेरच्या बैठकांना जास्त बसलो आहे. तिथे दोन प्रकारची माणसं भेटतात. एक म्हणतात, गाव म्हणेल ते. दुसरे मुंबईहून येऊन पंचांना मध्ययुगीन ठरवतात, मोबाइलवर व्हिडिओ काढतात आणि रविवारच्या गाडीने परत जातात. या दुसऱ्यांना रात्री दोन वाजता कुणाला डोलीत घालून पाखाडी, म्हणजे डोंगरातली पायऱ्यांची वाट, उतरावी लागलेली नसते. गावकी हेच काम करते. पावसात साकव (ओढ्यावरचा छोटा पूल) वाहून गेला तर घरटी एक माणूस बाहेर पडतो. एकट्या म्हातारीचं घर शाकारायचं राहिलं असेल तर कुणीतरी कौलांवर चढतो. मयताला बांबू, लाकडं, खांदेकरी, स्मशानापर्यंतची चिखलातली वाट, हे सगळं न सांगता होतं. तुमच्या आईची भीती या हिशेबातून आलेली आहे. तिला अडाणी समजून बाजूला सारू नका.

पण हा हिशेब पूर्वीसारखा राहिलेला नाही, हेही बघा. तुमच्या वडिलांच्या किंवा आजोबांच्या पिढीला गावकी पोटासाठी लागायची. लालबाग-परळकडे गावाच्या नावाची खोली असायची, नवा आलेला पोरगा तिथे पथारी टाकायचा आणि खोलीतलाच कुणी त्याला गिरणीत बदलीवर लावायचा. त्या खोलीत राहून गावाशी वाकडं धरणं परवडणारं नव्हतं. जानेवारी १९८२ मध्ये सुरू झालेल्या संपानंतर गिरण्यांबरोबर ती साखळीही विरत गेली. तुमच्या मुलाला आज नोकरीसाठी किंवा खोलीसाठी वाडीची गरज पडत नाही. उरलं काय? म्हातारी माणसं आणि देव. मुंबईकराला गावकी आता आईसाठी लागते, गावकीला मुंबईकर पैशासाठी. देवळाच्या जीर्णोद्धाराचे, सभामंडपाचे आकडे लाखांत गेले, आणि ते पैसे गावात राहणाऱ्या पाच-पंचवीस वयस्कर माणसांकडून येत नाहीत. पैसा मुंबईचा आणि हुकूम गावचा, अशी ही रचना आहे. ती ताणली की काय होतं ते आपण २०२० च्या, करोनातल्या गणपतीत बघितलं. चाकरमान्यांनी गावात यायचं की नाही, शाळेत विलगीकरणात किती दिवस राहायचं, यावर सख्खी माणसं शिवेवर भांडली.

त्यात रस्ता आला म्हणजे जमिनीचा भाव आला. महामार्गाच्या रुंदीकरणानंतर डोंगरउतारावरच्या जमिनींनाही गिऱ्हाईक येऊ लागलं आहे, आणि देवळापर्यंतचा मोटार रस्ता देवळापाशीच संपत नाही, त्याच्या पुढे कुणाच्या तरी जमिनी असतात. त्या कुणाच्या आहेत हे जरा नकाशावर बघून ठेवा. मी कुणावर आरोप करत नाही, पण असा वाद माझ्यासमोर आला की मी हे आधी बघतो.

भावाचा अपराध गावाच्या लेखी जमीन न देणं हा नाही, हे लक्षात घ्या. जमीन न देणारे पुष्कळ असतात. त्यांच्यावर लोक चिडतात, चार वर्षं कुरकुर होते, मग रस्ता दुसरीकडून जातो. त्याचा अपराध आहे गावावर कोर्टात जाणं. "आमच्यात मिटलं असतं, त्याने गावाची अब्रू वेशीवर टांगली," हे वाक्य मी इतक्या वेळा ऐकलं आहे की कुणी तोंड उघडायच्या आधी मला ते येतं. यावर उत्तर एकच आहे आणि ते शांतपणे द्यायचं: जेसीबी आधी आला, कोर्ट नंतर. तारखा बघा. बागेत यंत्र घालण्याआधी बक्षीसपत्र झालं होतं का? स्थावर जमीन दान द्यायची तर नोंदणीकृत दस्त लागतो. बैठकीत हात वर करून एकाची जमीन दुसऱ्याला मिळत नाही.

"पण मग गावाने त्याच्याशी बोललंच पाहिजे अशी सक्ती आहे का?" हे तुम्हाला मंडळात कुणीतरी नक्की विचारणार. सक्ती नाही. तुम्हाला कुणाचा राग आला आणि तुम्ही त्याच्याकडे जेवायला गेला नाहीत, तर तो तुमचा अबोला. तो कायद्याचा विषय नाही, आणि नसावाही. चार घरांनी आपापल्या मनाने अबोला धरला तरी तोही अबोलाच. बहिष्कार तिथे सुरू होतो जिथे कुणीतरी ठरवतं, इतरांना कळवतं आणि न पाळणाऱ्याला शिक्षा ठेवतं. तुमच्या प्रकरणात बैठक आहे, निरोप आहे, दंडाचा आकडा आहे. म्हणजे संशयाला जागा नाही.

बहिष्काराची एक खूण बाहेरच्यांना दिसत नाही, ती वर्गणीची. वाळीत टाकलेल्या घराची वर्गणी घेत नाहीत. पुढे कुणी विचारलं तर "तोच देत नाही" असं सांगायला मोकळे. भावाला सांगा, देवळाची, होळीची, गणपतीची जी काही घरटी पट्टी असेल ती बँकेतून भरायची, आणि खातं देत नसतील तर धनादेश स्पीड पोस्टाने पाठवायचा. परत आला तर पाकीट न फोडता ठेवायचा. पुढे उपयोगी पडेल असा यापेक्षा साधा पुरावा नाही.

आता तुमच्यावर येतो. गावकीत घरटी एक माणूस बसतो. तुमच्या घरचा माणूस तुम्ही. आई बाई म्हणून बैठकीत नाही आणि तुम्ही मुंबईत म्हणून नाही. तरीही निर्णय "एकमताने" झाला असं वहीत लिहिलं गेलं असणार. त्या एकमतात तुमचं घर धरलेलं आहे. तुम्ही अजून कुणाचीच बाजू घेतली नाही असं तुम्हाला वाटतं, पण गावाच्या हिशेबात तुम्ही घेतलेली आहे. म्हणून गप्प बसून दोन्हीकडे बरं राहण्याचा मार्ग तुमच्यापुढे उरलेला नाही. हे कठोर वाटेल, पण यातच तुमची ताकदही आहे. बहिष्कार चार पंच चालवत नाहीत. शेजारचे चाळीस जण एकमेकांना घाबरून तो चालवतात. प्रत्येकाला वाटतं की आपण एकटेच मनातून नाखूश आहोत. त्यातलं एक घर, तेही खजिनदाराचं, उघडपणे बाजूला झालं की बाकीच्यांचा हिशेब बदलतो. मी बघितलेल्या प्रकरणांत बहिष्कार बहुतेक वेळा असाच सैल पडला. वाळीत पडलेल्या माणसाच्या भांडणाने तो क्वचितच सुटतो, गावाला नको असलेला माणूस कितीही खरं बोलला तरी त्याचं ऐकून घेतं कोण?

म्हणून उघडपणे जा. गणपतीला गावी गेलात की पहिल्याच दिवशी, उजेडात, पुढच्या दाराने भावाकडे आरतीला जा. पंचांना आधी सांगून जा. चोरून गेलात तर तुम्ही हुकूम मानला आणि मोडला असा अर्थ होतो. सांगून गेलात तर तो तुम्ही मानलेलाच नाही. मंडळाच्या किंवा गावकीच्या बैठकीत बोलायची वेळ आली तर तीनच वाक्यं बोला: "देवळाच्या रस्त्याला माझा विरोध नाही. माझ्या घरची वर्गणी आणि कष्ट दोन्ही चालू राहतील. पण भावाच्या घरी जाणं मी थांबवणार नाही आणि त्यासाठी दंडही भरणार नाही." मग खाली बसा. कुणी घटना काढेल, कुणी तुमच्या वडिलांना काढेल, कुणी मुंबईत राहून शहाणपणा शिकवतोस म्हणेल. उत्तर देऊ नका. गावाच्या बैठकीत वाद जिंकणारा माणूस गाव हरतो.

आईचा प्रश्न यापेक्षा नाजूक आहे, त्यावर जरा थांबतो.

पहिलं म्हणजे तिला आघाडीवर ढकलू नका. "आई, तू जा गं त्यांच्याकडे, कोण काय करतंय बघू," असं डोंबिवलीहून फोनवर सांगणं सोपं आहे. दंड मागायला माणसं तिच्या दारात येतील, तुमच्या नाही. तिने किती आणि कसं पुढे यायचं हे तिलाच ठरवू द्या. दुसरं, तिला खोदून विचारू नका. अशा लागून असलेल्या घरांत बायकांचा मागच्या दाराचा व्यवहार सहसा तुटलेला नसतो. विरजण जातं, कढीपत्ता येतो, तापाची गोळी कुंपणावरून सरकवली जाते. पुरुषांनी दिलेला हुकूम बायका असा निम्मा करून टाकतात, आणि सगळ्या वाडीला ते माहीत असतं. याबद्दल बाहेर बोलू नका आणि पुरावा म्हणून तर कधीच वापरू नका. भावाच्या वकिलाला ते सांगितलंत तर पुढच्या आठवड्यात ते दार बंद होईल.

तिसरं, मयताचं. ही भीती खोटी नाही. गाव खांद्याला आलं नाही असं झालेलं आहे, आणि त्या घराला ते पुढच्या पिढीपर्यंत टोचतं. त्यामुळे तिला "असं काही होत नाही" म्हणू नका, तिचा विश्वास बसणार नाही. त्याऐवजी नावं घेऊन बोला. तिच्या माहेरची माणसं किती लांब आहेत? शेजारच्या वाडीत कुणाकुणाकडे तिचं जाणं-येणं आहे? तुमच्या शाळेतले, क्रिकेटच्या टीममधले, आता गावातच रिक्षा-टेम्पो चालवणारे चार जण कोण? त्यांना तुम्ही स्वतः भेटा आणि सरळ विचारा, "उद्या वेळ आली तर येशील?" तोंडावर नाही म्हणणारा माणूस विरळा. आणि त्या चौघांना तुम्ही असं विचारलंत ही बातमी संध्याकाळपर्यंत पंचांकडे पोचेल, ते चांगलंच आहे. रात्री-बेरात्री दवाखान्यात न्यायला कोण येणार हे मात्र आजच ठरवा, गाडीवाल्याचा नंबर आईच्या फोनमध्ये पहिला ठेवा. मयत कधी तरी आहे, दमा आणि रक्तदाब रोज आहेत.

खजिनदार म्हणून तुमचं काम यापेक्षा सोपं आहे, कारण तिथे नात्याचा प्रश्नच नाही. कोर्टाचा मनाई हुकूम चालू असलेल्या, मंडळाच्या नावावर नसलेल्या जमिनीवर मंडळाचे पैसे खर्च करायचा धनादेश तुम्ही काढू शकत नाही. भाऊ तुमचा असो की परका. मनाई हुकूम मोडला तर मालमत्ता जप्त होऊ शकते आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैदही होऊ शकते. मंडळ धर्मादाय आयुक्तांकडे नोंदलेलं असेल तर उद्या हिशेब तपासताना पहिला प्रश्न तुम्हालाच येईल. तेव्हा लेखी द्या: हुकूम उठेपर्यंत किंवा जमीन रीतसर मंडळाच्या वा ग्रामपंचायतीच्या नावावर होईपर्यंत रस्त्यासाठी रक्कम देता येणार नाही, निधी बँकेत सुरक्षित आहे. या पत्रात बहिष्काराचा शब्द नको. "बहिष्कार उठवा मग पैसे देतो" असा सौदा तर मुळीच नको. तो केलात की तुम्ही देवाचे पैसे भावासाठी अडवलेत असं होईल, आणि मग मंडळात तुमच्या बाजूने एकही हात वर येणार नाही. एक मात्र अवश्य बघा. गावकीने गोळा केलेला दंड मंडळाच्या खात्यात किंवा पावतीपुस्तकात येतो आहे का? येत असेल तर तो घ्यायला त्याच दिवशी लेखी नकार द्या.

कायद्याचं आता सांगतो. मुद्दामच उशिरा सांगतो आहे, कारण लोक तो पहिल्या दिवशी बाहेर काढतात आणि मग हातात काही उरत नाही.

मुंबई राज्यात १९४९ साली बहिष्कारविरोधी कायदा झाला होता, तो १९६२ मध्ये दाऊदी बोहरा धर्मगुरूंच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने रद्द ठरवला. त्यानंतर पन्नासहून अधिक वर्षं पोलीस इतर कायद्यांची कलमं ओढूनताणून लावत होते. रायगड जिल्ह्यातून वाळीत टाकल्याच्या तक्रारींवर तक्रारी आल्या, महाराष्ट्र अंधश्रद्धा निर्मूलन समितीने २०१३ मध्ये जातपंचायत मूठमाती अभियान हाती घेतलं, आणि २०१६ मध्ये विधिमंडळाने सामाजिक बहिष्काराविरुद्ध स्वतंत्र कायदा मंजूर केला. जुलै २०१७ पासून तो लागू आहे. शिक्षा तीन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाख रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. दंडाची रक्कम पीडिताला भरपाई म्हणून देता येते. गुन्हा दखलपात्र आहे, म्हणजे पोलिसांना नोंदवावाच लागतो, पण जामीनपात्र आहे. म्हणजे पंच त्याच दिवशी सुटून गावात परत येणार, हे मनात धरूनच पावलं टाका. बहिष्कार ठरवण्यासाठी जमणं हासुद्धा या कायद्याखाली गुन्हा आहे. बहिष्कार ठरवणारी समिती नोंदणीकृत आहे की नाही, तिला गावकी म्हणतात की आणखी काही, याने फरक पडत नाही. सण-समारंभापासून अडवणं, देऊळ, स्मशान, सभागृह वापरू न देणं, सामाजिक किंवा व्यापारी संबंध तोडायला लावणं, हे सगळं त्यात येतं. खटला दोषारोपपत्रानंतर सहा महिन्यांत संपवावा असं कायदा म्हणतो. कोर्टाचे बोर्ड बघणाऱ्याला मी वेगळं काय सांगू.

क्रम असा ठेवा. तक्रार भावाने करायची, तुम्ही नाही. त्याने पुरावा जमवून ठेवायचा: व्हॉट्सअॅपवरचे निरोप पुसायचे नाहीत, फोन बदलायचा नाही (पुढे भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ खालचं प्रमाणपत्र लागेल), कोणत्या दुकानाने कोणत्या दिवशी माल नाकारला हे वहीत तारखेसह लिहायचं. मग पहिला अर्ज तहसीलदार आणि पोलीस निरीक्षक दोघांना, गुन्हा नोंदवा म्हणून नव्हे तर दोन्ही बाजूंना बोलावून बैठक घ्या म्हणून. सरकारी कचेरीत बसल्यावर पंचांना पहिल्यांदाच जाणवतं की आपण कुठल्या अधिकाराने दंड ठेवला हे कुणी विचारू शकतं. निम्म्या प्रकरणांत गाडी इथे वळते. "आम्ही कुठे वाळीत टाकलंय?" असं ते म्हणाले, तर फारच उत्तम. हेच लिहून द्या म्हणायचं. ते लिहून दिलं की त्याची झेरॉक्स वाडीभर फिरली पाहिजे.

त्याने झालं नाही तर गुन्हा. ठाण्यात "आपसांत मिटवा" म्हणून परत पाठवलं तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३ (४) प्रमाणे पोलीस अधीक्षकांना लेखी, आणि तरीही हललं नाही तर दंडाधिकाऱ्यांकडे. फिर्यादीत नावं मोजकी घाला. बैठक बोलावली त्याचं, हुकूम सांगितला त्याचं, दंड मागायला आला त्याचं. रागाच्या भरात साठ नावं घातली की साठ घरं पंचांच्या मागे घट्ट बांधली जातात, साक्षीदार म्हणून एक माणूस उरत नाही, आणि ज्याला मनातून भावाकडे यायचं होतं तोही आरोपी म्हणून पंचांच्याच जीपमधून तारखेला येतो. पुढे दिलजमाई झाली तर पीडिताच्या संमतीने आणि कोर्टाच्या परवानगीने या गुन्ह्यात तडजोड करता येते. हे पंचांना त्यांच्या वकिलाकडून कळेलच, तुम्ही आधी सांगू नका.

भावाशीही एकदा स्पष्ट बसा. तो वाळीत आहे म्हणून त्याचं सगळंच बरोबर असं होत नाही. देवळाकडे जाणारी जुनी पायवाट त्याच्या बागेतून जात असेल आणि पालखी पिढ्यान्‌पिढ्या तिथूनच जात असेल, तर ती वहिवाट त्याला अडवता येणार नाही, आणि रागाने त्याने तिथे गडगा (दगडी कुंपण) घातला असेल तर तो आधी काढायला सांगा. उलट गावातले पुढारी शेतरस्त्याचा अर्ज तहसीलदाराकडे करू म्हणत असतील, तर १९०६ चा मामलेदार न्यायालय कायदा आणि जमीन महसूल संहितेचं कलम १४३ हे शेताकडे जायच्या वाटेसाठी आहेत. देवळासाठी नवा मोटार रस्ता त्यात बसत नाही. मधला मार्ग बहुतेक वेळा जमिनीवर असतो. बांधाच्या कडेने नेला तर किती कलमं जातात? हापूसचं जुनं कलम तोडलं की पैशाने ते लगेच उभं राहत नाही, पण आठ कलमं जाणं आणि चाळीस जाणं यात फरक आहे. मोजणी करून एक पर्याय कागदावर आणा. भावाने तो स्वतःहून ठेवला तर गावातल्या अर्ध्या माणसांचा राग ओसरेल, कारण त्यांना रस्ता हवा आहे, भावाचं नाक कापायची हौस दोघा-तिघांनाच असते. आणि त्याने पर्यायही धुडकावला, तर जमिनीच्या वादात तुम्ही त्याच्या बाजूने बोलायचं बंधन नाही. त्याच्या घरी जाणं मात्र तेव्हाही थांबवायचं नाही. या दोन गोष्टी तुम्ही वेगळ्या ठेवल्यात तर गावालाही त्या वेगळ्या दिसू लागतील.

मिटायची वेळ आली की पंच एक अट घालतील: कोर्टातला दावा मागे घे, मग घर उघडतो. ती मान्य करू नका. तसं झालं तर पुढच्या वेळी कुणाची जमीन हवी असेल तेव्हा काय करायचं ते गावाला कळलेलं असेल. पंचांनी जाहीर माफी मागावी असा आग्रहही धरू नका. सत्तरीतला पंच सहाणेवर, म्हणजे पालखी बसते त्या चौथऱ्यावर, उभा राहून माफी मागणार नाही, आणि मागितलीच तर त्याची मुलं ती विसरणार नाहीत. मागायचं ते असं: भावाची वर्गणी पावती देऊन घ्यावी, यंदा भजनाची बारी त्याच्याकडे जावी, येत्या शिमग्याला पालखी त्याच्या दारात थांबावी, आणि कुणाकडून दंड घेतला असेल तर तो परत करावा. कागद दोन करा. एक बहिष्काराचा, पोलीस पाटील आणि सरपंचांच्या सहीने, आणि दुसरा रस्त्याचा, जो होईल तेव्हा होईल. पहिल्यावर सही झाल्याशिवाय दुसऱ्याच्या बैठकीला भावाने बसू नये, आणि त्या दुसऱ्या बैठकीला सातबाऱ्यावर नाव असेल तर तुम्ही स्वतः हजर राहा, फोनवर नाही.